शिकवलेली उत्तरं

अकोटच्या पंचायत समितीत महादेवराव बाबूंनी दिव्यांगत्वाच्या प्रमाणपत्रावर बोट ठेवलं आणि मान हलवली. "वयनी, पंचवीस टक्क्यात काही होत नाही. चाळीस लागते. चाळीसच्या खाली सरकारच्या लेखी तुमची पोरगी चांगली धडधाकट आहे."

पोरगी चांगली आहे, असं चार लोकांनी म्हणावं म्हणून ज्योत्स्नाबाईंनी चोवीस वर्षं जिवाचं रान केलं होतं. आज सरकारनंच ते शिक्का मारून लिहून दिलं, आणि बाईच्या पायाखालची जमीन सरकली. देवाचं हे असंच असतं. मागितलेलं देतो, पण गरज संपल्यावर देतो.

गोष्ट साधी होती. ज्योत्स्नाबाईंचा नवरा देवानंद गावंडे जिल्हा परिषदेच्या शाळेत शिपाई होता. दोन वर्षांपूर्वी तो हृदयविकारानं गेला आणि त्याची पेन्शन बायकोला सुरू झाली. त्यावर मायलेकी जगत होत्या. पण आता ज्योत्स्नाबाईंच्या किडनीनं कुरकुर सुरू केली होती आणि डॉक्टरनं "जपा" म्हटलं होतं. डॉक्टर कशाला जपायला सांगतो, हे कळण्याइतक्या त्या शहाण्या होत्या. त्यांच्यामागे पेन्शन बंद. फक्त लेक दिव्यांग असेल आणि तसं प्रमाणपत्र असेल, तरच ती पुढं तिला जन्मभर मिळणार होती. एकुलती एक लेक, अपेक्षा. तिच्या बुद्धीची वाढ लहानपणीच कुठंतरी थबकली होती.

घरात मात्र असं कोणी म्हणत नसे. घरात त्यासाठी एकच शब्द होता, भोळी. "आमची अपेक्षा भोळी आहे जराशी." झाकली मूठ सव्वा लाखाची, आणि ही मूठ नवरा-बायकोनं दोन्ही हातांनी दाबून धरली होती. शाळेतल्या मास्तरांनी आपल्या शिपायाची पोर म्हणून तिला नववीपर्यंत ढकलत नेलं. दाखल्यावर लिहिलं, 'नववी उत्तीर्ण, प्रगती समाधानकारक'. मास्तर मनानं चांगले होते, म्हणूनच घोळ झाला. देवानंदनं स्वतः नोकरीच्या कागदांत कुटुंबाची माहिती भरताना, दिव्यांग अपत्याच्या रकान्यात ठसठशीत अक्षरात 'निरंक' लिहून ठेवलं होतं. बिचाऱ्याला वाटलं, कागदावर नाही म्हणजे घरातही नाही. आता महादेवराव बाबू तेच कागद एकेक करून पुढं सरकवत होते, आणि ज्याच्या-त्याच्या मायेनं केलेलं प्रत्येक खोटं ज्योत्स्नाबाईंच्या विरोधात साक्ष देत होतं.

"पण वयनी, तपासणीच्या शिबिरात पंचवीसच काहून देल्ले त्यायनं?" महादेवरावांनी विचारलं. देवानंदच्या बरोबरचा माणूस, त्यामुळं आपुलकीनं विचारत होते.

काहून, ते ज्योत्स्नाबाईंना पक्कं माहीत होतं.

अपेक्षा अठराची झाली तेव्हा तिला पाहायला पाहुणे येऊ लागले. वऱ्हाडात पाहणीचा कार्यक्रम म्हणजे मुलीची परीक्षाच, पण पेपर आधीच फुटलेला. पाटावर बसवायचं, डोक्यावरून पदर, मग कोणीतरी वडीलधारा खाकरून विचारणार. नाव काय बाई तुझं? शिक्षण किती? मामाचं गाव कोणतं? स्वयंपाकात काय काय येते? दरवेळी हेच चार-पाच प्रश्न. ज्योत्स्नाबाईंनी ही उत्तरं पोरीकडून घोकून घेतली. भांडी घासताना, वेणी घालताना, सकाळ-संध्याकाळ. "अपेक्षा देवानंद गावंडे. नववी पास. परतवाडा. वरण-भात, पोळी-भाजी, पुरणाची पोळी अन् रोडगे." खाली मान, आवाज हळू, शेवटी नमस्कार. पोरगी असं खणखणीत बोलायची की पाहुणे खूश होऊन जायचे. आणि पाहुण्यांतली बाई मायकडं वळून विचारायचीच, "घरातलं सगळं येते न तिले?" त्यावर ज्योत्स्नाबाईंचं उत्तर ठरलेलं, "सगळं येते. काही पाहा लागत नाही."

बडनेऱ्याच्या एका स्थळाशी तर सुपारी फुटली होती. मग मुलाची आत्या सहज म्हणून दोन दिवस राहायला आली, आणि तिसऱ्या दिवशी सकाळी चहा न घेताच गेली. त्यानंतर पाहणी थांबली. पण उत्तरं राहिली. अपेक्षाला ती उत्तरं म्हणजे जीव की प्राण. घरी लाइटबिल द्यायला कोणी आलं, तरी ती पदर घेऊन पाटावर बसायला तयार.

आणि मग ते शिबिर आलं. तिथं जाताना ज्योत्स्नाबाईंनी काय करावं? पोरीला न्हाऊ घातलं, चापून वेणी घातली, मोरपंखी साडी नेसवली आणि बजावलं, "डॉक्टर इचारतील, नीट उत्तर देजो." सवय वाईट असते. डॉक्टरांपुढं शंभर लोक रांगेत. त्यांनी विचारलं, नाव काय, किती शिकलीस, काय काय करतेस घरी. अपेक्षानं अशी सुरेख उत्तरं दिली की डॉक्टर हसले. मग मायला विचारलं, "घरातली कामं जमतात का हिला?" आणि ज्योत्स्नाबाईंच्या तोंडून, त्या स्वतःला अडवायच्या आत, निघून गेलं, "सगळं येते. काही पाहा लागत नाही."

पंचवीस टक्के त्याचेच मिळाले होते.

"पुन्हा अर्ज करा," महादेवराव म्हणाले. "अकोल्याले बोलावतील. अन् वयनी, राग नका मानू, पण यावेळी पोरीले सांगून न्या. काही येत नाही म्हणा लागते तिथं."

पुन्हा अर्ज म्हणजे पुन्हा सेतू केंद्र. तिथला संगणक म्हणे, मोबाइलवर नंबर आला तो सांगा. तो नंबर जायचा देवानंदच्या मोबाइलवर, जो त्याच्यामागे केव्हाच बंद पडला होता. मेलेल्या माणसाचा मोबाइल बदलायला आधी आधारचं केंद्र, तिथं अपेक्षाचा अंगठा उमटेना, कारण ती अंगठा दाबायच्या ऐवजी नमस्कार करी. पोस्टात पाठवलं, पोस्टातून परत बँकेत. सरकारी काम अन् सहा महिने थांब म्हणतात. ज्योत्स्नाबाईंच्या किडनीनं सहा महिन्यांची हमी कुठं दिली होती? त्या हेलपाट्यांत एक गोष्ट त्यांना रोज नव्यानं कळत होती. लपवायला काहीच कागद लागले नव्हते. उघडं करायला पोतंभर लागत होते.

अखेर अकोल्याची तारीख आली. आदल्या संध्याकाळी त्यांनी लेकीला समोर बसवलं.

"अपेक्षा, उद्या डॉक्टर काहीबी इचारो, 'माहीत नाही' म्हणजो."

"नाव इचारलं तं?"

"माहीत नाही."

"पण मले माहीत आहे." अपेक्षा हसली. माय गंमत करते आहे असं तिला वाटलं. "अपेक्षा देवानंद गावंडे. नववी पास."

"नाही म्हणायचं, बाई. मी सांगते न."

"मंग आई, चुकलं तं रागावशील?"

"चुकलं तं नाही रागावणार. बरोबर सांगतलं तं रागवीन."

इकडे आड, तिकडे विहीर. ज्या तोंडानं पोरीला नीट बोलायला शिकवलं, त्याच तोंडानं आता मुकी हो म्हणायचं. ज्योत्स्नाबाईंना स्वतःची किळस आली. पण किळस येऊन भागत नव्हतं. अपेक्षानं तो धडाही घोकला, कारण मायनं दिलेला धडा घोकायचा हेच तिला ठाऊक होतं.

अकोल्याच्या दवाखान्यात मानसतज्ज्ञ होत्या जेबा मॅडम. वय पस्तिशीचं, डोक्यावर दुपट्टा, बोलणं मऊ. लहानशी खोली, टेबलावर रंगीत ठोकळे आणि चित्रांची पुस्तकं. बाहेर रांग होती, पण मॅडमना घाई दिसत नव्हती.

"बैस बेटा. नाव काय तुझं?"

अपेक्षानं मायकडं पाहिलं. "माहीत नाही."

"बरं. आईचं नाव?"

"माहीत नाही."

"सकाळी काय खाल्लंस?"

"माहीत नाही." सकाळचे पोहे अजून तिच्या हनुवटीला लागले होते.

मॅडमनी एक ठोकळा पुढं केला. "याचा रंग कोणता?"

"माहीत नाही," अपेक्षा म्हणाली. मग तिला राहवलं नाही. ती मायकडं वळली, चेहरा फुललेला, आणि मोठ्यानं विचारती झाली, "आई, बरोबर चुकली न मी?"

ज्योत्स्नाबाईंच्या कानशिलांतून वाफा निघाल्या. सगळं संपलं, असं त्यांना वाटलं. दार उघडावं आणि पळावं, पण पळून कुठं जाणार? घरी तरी तेच कागद होते.

जेबा मॅडमनी पेन खाली ठेवलं. "ताई, असं केलं तर मला 'सहकार्य नाही' लिहून फाइल बंद करावी लागते."

"नका करू, मॅडम. पाया पडते." आणि मग ज्योत्स्नाबाईंनी शिबिराचं सांगितलं, पाहणीचं सांगितलं, बडनेऱ्याच्या आत्याचं सांगितलं. बोलता बोलता त्यांना हुंदका आला. "खोटं बोलायचीच सवय लागली जी. पहिले चांगली दिसावी म्हून, आता वाईट दिसावी म्हून."

मॅडमनी पाण्याचा ग्लास पुढं केला. "तिला जे येतं ते तिला दाखवू द्या. मी तपासते. तुम्ही फक्त खरं सांगा."

पुढचा तास अपेक्षा ठोकळे लावत होती, चित्रं ओळखत होती, जमलं की टाळी वाजवत होती. रंग सगळे आले. पाचच्या पुढची बेरीज नाही आली. अर्धवट चित्रात काय राहिलं, ते नाही आलं. आग लागली तर काय करशील, या प्रश्नावर तिनं खूप विचार केला आणि सांगितलं, "आईले बलावीन."

मग मॅडम मायकडं वळल्या. "आता घरचं. ती बाहेर बसली तर बरं होईल."

पण अपेक्षा एकटी बाहेर बसेना. तिनं मायच्या पदराचं टोक बोटाला गुंडाळून धरलं. तेव्हा ती तिथंच बसली आणि ज्योत्स्नाबाई बोलू लागल्या.

सुरुवातीला शब्द अडखळत होते. दुकानात पाठवली तर उरलेले पैसे घेत नाही. घड्याळ समजत नाही. गॅस सुरू ठेवून अंगणात जाऊन बसली होती एकदा, शेजारीण धावली म्हणून वाचलो. "रोडगे येतात म्हणते न ती? कणीक भिजवता येत नाही, मॅडम. सगळं मीच करते, तिचा नुसता हात लावते." केस मीच धुते. पाळीचे दिवस मलाच ध्यानात ठेवावे लागतात, नाहीतर तशीच फिरते. ओळखीचाच एक माणूस बिस्किटाचा पुडा देऊन तिला घेऊन चालला होता. हे तर त्यांनी सख्ख्या बहिणीलाही सांगितलं नव्हतं. कोणी गोड बोललं की कोणाच्याही मागं जाते. भूक लागली हे सांगते, पण मी नसली तर जेवण येते कोठून, हे तिले कळणार नाही.

"बस, ताई. पुरे झालं," मॅडम म्हणाल्या. त्यांना हवं ते कागदावर आलं होतं.

पण ज्योत्स्नाबाई थांबेनात. चोवीस वर्षं तोंड दाबून बुक्क्यांचा मार खाल्ला होता. आता तोंड सुटलं तर आवरणार कसं? त्या सांगतच राहिल्या, आणि सांगताना त्यांना कितीतरी हलकं वाटलं. पदराला बसणारी ओढ केव्हाच थांबली होती, ते त्यांच्या लक्षातही आलं नाही.

"पन्नास टक्के होतात," जेबा मॅडम शेवटी म्हणाल्या. "डॉक्टरांची सही होऊन कार्ड घरी येईल. पेन्शनचं काम होईल तुमचं."

ज्योत्स्नाबाईंनी हात जोडले. बाहेर व्हरांड्यात येऊन बाकावर बसल्यावर त्यांनी कितीतरी दिवसांनी मोकळा श्वास घेतला. झालं. आता देवानं केव्हाही न्यावं, पोरीच्या ताटात भाकर राहील. त्यांनी पिशवीतून डबा काढला. पोळी अन् बेसन, अपेक्षाच्या आवडीचं.

अपेक्षा डब्याकडं पाहत नव्हती. ती आपल्या हातांकडं पाहत होती, उलटे-सुलटे करून.

"आई."

"काय व?"

"मले इतकं काही येत नाही?"

ज्योत्स्नाबाईंनी डबा बाकावर ठेवला.

"मले तं वाटे, मले सगळं येते," अपेक्षा म्हणाली. रडत नव्हती, काहीतरी जुळवून पाहत होती, जमत नसलेल्या ठोकळ्यांसारखं. "तूच तं सांगे पाहुण्यायले."

ज्योत्स्नाबाईंना तिला जवळ घ्यावंसं वाटलं, पण पोर आकसून बसली होती. मग त्यांना जे येत होतं ते त्यांनी केलं. पोळीचा तुकडा मोडला, बेसनाला लावला आणि रोजच्यासारखा तिच्या तोंडापुढं धरला.

अपेक्षानं तोंड फिरवलं. तिनं मायच्या हातातला घास काढून घेतला.

"जेवता येते मले," ती म्हणाली, आणि मायकडं पाठ करून एकटीच खाऊ लागली.