खाष्ट घरमालकीण

घरात तिला सगळे धाकटी म्हणत. चाळिशी उलटली, नाटकात नाव झालं, तरी धाकटीच. लहानपणापासून व्हीलचेअरवर, आणि जिभेला हाड नाही. आई म्हणायची, "हिला गप्प बसवेल असा माणूस अजून जन्माला यायचाय."

सिनेमात मात्र तिच्या वाट्याला एकच बाई यायची. खिडकीशी बसून उसासे टाकणारी, सगळ्यांना क्षमा करणारी, मध्यंतराआधी मरणारी. मरून मरून धाकटीला वीट आला होता.

मित्रांना गोळा करून पहिलाच सिनेमा करू पाहणाऱ्या एका दिग्दर्शकाने तिला बोलावलं.

"तुमच्यासाठी नायिकेची बहीण आहे," तो म्हणाला.

"आजारी?"

"हो."

"सोशिक?"

"थोडी," तो खाली बघत म्हणाला.

धाकटीने संहिता चाळली. "ही घरमालकीण कोण करतंय? भाडेकरूंचं पाणी तोडते ती?"

"ठरलं नाही अजून. पण ताई, ती व्हीलचेअरवर आहे असं काही लिहिलेलं नाही."

"तिला चष्मा आहे असं तरी कुठे लिहिलंय?"

दिग्दर्शक घुटमळला. "लोक म्हणतील, बिचारीला वाईट दाखवलं."

"त्या बिचारीपासूनच तर पिच्छा सोडवायचाय मला."

आणि तिने पाणी तोडायचा प्रसंग तिथल्या तिथे वाचला, असा की समोर बसलेला दिग्दर्शक "चुकलं बाई" म्हणून गेला. भूमिका तिचीच झाली.

पण शूटिंगचं घर तिसऱ्या मजल्यावर होतं आणि लिफ्ट नव्हती.

"आम्ही उचलून नेऊ की," दिग्दर्शक म्हणाला.

"घरमालकीण भाडेकरूंच्या खांद्यावरून येते होय? तिचं घर आहे ते. ती वाटेल तिथे फिरणार आणि वाटेल त्याला झापणार."

त्याला ते पटलं. शोधून शोधून अंगणाचं बैठं घर मिळालं. पायरीवर फळ्यांचा उतार झाला. संडासाचं दार अरुंद निघालं, ते सुताराने चौकटीसकट रुंद केलं. कॅमेरावाला त्याच उतारावरून आपल्या जड पेट्या ढकलत नेऊ लागला. कथेचंही भलं झालं. अंगणाच्या मधोमध खुर्ची लावून बसलेल्या मालकिणीला चुकवून आता चिटपाखरूही बाहेर पडू शकत नव्हतं.

पहिल्या खेळाला छोटं थिएटर भरलं. तिने पाणी तोडलं तेव्हा लोकांनी दातओठ खाल्ले, भाडेकरूंनी तिची खोड मोडली तेव्हा टाळ्या पडल्या. अंधारात धाकटीचा चेहरा फुलला होता. आजवर तिच्यासाठी लोक फक्त नाक पुसत आले होते.

बाहेर एका आजोबांनी तिला अडवलं. "बाई, माणसाने इतकं निर्दय असू नये."

"भाडं वेळेवर भरता ना तुम्ही?" धाकटीने मालकिणीच्या आवाजात विचारलं. आजोबा आधी दचकले, मग पोट धरून हसले.

दिग्दर्शक धाकटीसोबत आलेल्या आईकडे वळला. "काकू, कसं वाटलं लेकीचं काम?"

"काम कसलं?" आई म्हणाली. "घरी रोज हेच चालतं."