नांदूरघाटच्या पिस्तुलाचं तोंड

नांदूरघाटची देवी वर्षातून एकदाच बोलायची, दसऱ्याला, आणि तेही आप्पा पाटलाच्या पिस्तुलातून. केजच्या कचेरीतले कारकून हे ऐकून हसायचे. हसोत बापडे. त्यांच्या गावच्या देवी कशातून बोलतात ते आपण कधी विचारलं नाही.

शिलंगणाला सगळं गाव शिवेवरच्या शमीखाली जमायचं. पाटलानं आभाळाकडं पाच बार काढायचे. शेवटचा बार झाला की पिस्तुलाचं वरचं लोखंड मागं जायचं ते मागंच अडकून राहायचं, तोंड वासून. मग एकच ओरडा व्हायचा, "तोंड उघडलं!" म्हणजे देवीनं मान घेतला, वर्ष बरं जाणार, आता सोनं लुटा. हे पिस्तूल येण्याआधी पाटलांकडं ठासणीची बंदूक होती तेव्हा देवी असलं काही बोलत नव्हती, पण ते कुणाला आठवायचं नाही. गावाला एखादी गोष्ट एकदा पटली की ती पांडवांच्या काळापासूनची होते.

खरं काय ते गावात दोघांनाच ठाऊक होतं, आप्पाला आणि त्याच्या बायकोला, केसरबाईला. निजामाच्या फौजेतून घरी बसलेल्या एका सरदारानं खूश होऊन आप्पाला ते पिस्तूल दिलं होतं, परवान्यासकट. त्यात गोळ्या भरायचं काम केसरबाईचं. चुलीपुढं बसून ती भाकरी थापावी तितक्या सवयीनं गोळ्यांची डबी भरायची. आप्पानं तिला एकदा सगळं उलगडून दाखवलं होतं. डबीत खाली कमान, कमानीवर पत्र्याची पट्टी, पट्टीवर गोळ्या. शेवटची गोळी गेली की पट्टी वर येते आणि बाजूच्या खिट्टीला खालून ढुशी देते. खिट्टी उचलली की वरचं लोखंड तिला अडकतं, पुढं येत नाही. रिकामं झालंय हे हाताला कळावं म्हणून केलेली सोय, बाकी काही नाही.

"मग गावाला सांगा की," ती म्हणाली होती.

"कावून?" आप्पा हसला. "त्यास्नी देवी दिसती, मला कमान दिसती. दोघंबी खूश हायेत."

गेल्या माघात आप्पा तापानं गेला. मूलबाळ नव्हतं. सरकारदरबारी पाटीलकी केसरबाईच्या नावावर लागली, पण सरकार केजला असतं आणि गाव गावात असतं. आप्पाचा चुलतभाऊ शहादेव, मिशीला पीळ आणि जीभ सैल, चावडीवर बसून बोलायला लागला की बाईमाणसाची पाटीलकी म्हंजी बिनबैलाची गाडी. केसरबाईनं वसूल वेळेवर भरला, बांधाचे तंटे मिटवले, शेजारच्या गावानं अडवलेलं पाणी स्वतः जाऊन सोडवून आणलं. तरी गाडी बिनबैलाचीच. शेवटी म्हाताऱ्या धोंडीरामानं, म्हणजे ज्याचा शब्द गाव मानत होतं त्यानं, तोडगा काढला. दसऱ्याला पाच बार केसरबाईनं काढावेत. तोंड उघडलं तर पाटीलकी तिची. न्हाई उघडलं तर आप्पाचं पागोटं शहादेवाच्या डोक्यावर.

केसरबाईनं लगेच हो म्हटलं. तिला ठाऊक होतं ना, कोण उघडतं ते! मनातल्या मनात ती हसलीही. हे हसणं तिला पुढं महागात पडणार होतं.

खंडेनवमीला हत्यारांची पूजा. तलवार, विळे, कुऱ्हाडी आणि मधोमध पिस्तूल पाटावर मांडलं होतं. विधवेनं कुंकवाला हात लावायचा नाही, म्हणून पूजेला सवाष्ण हवी. शहादेवाची बायको चतुराबाई येणार होती, तसं ठरलं होतं. केसरबाई निरांजन लावून वाट पाहत बसली. तूप थिजलं, पुन्हा पातळ केलं, तरी चतुराबाई येईना. अखेर छबुबाई बातमी घेऊन आली. छबुबाई म्हणजे पाटलांकडं दळणकांडण करणारी म्हातारी, नवरा जाऊन तिला जमाना झाला होता.

"न्हाई येत ती. शहादेवानं तिला कोंडून घातलंय घरात. म्हनतो, पूजाच झाली न्हाई तर देवी मान घेती कशी ते बघू."

केसरबाईचं डोकंच फिरलं. दुसरी सवाष्ण बोलवायची तर तिच्याही नवऱ्याला शहादेवाची भीती. आणि कुणाकुणाच्या दारात जाऊन भीक मागायची? तिनं दार लावून घेतलं आणि करंड्यात बोट बुडवलं. माघानंतर पहिल्यांदाच. बोट लाल झालं तेव्हा तिला आप्पा इतका आठवला की हुंदका आवरेना. मग तिनं हात आखडता घेतला नाही. तुपात कालवलेलं कुंकू, हळद, कुंकवात भिजवलेल्या अक्षता, सगळं पिस्तुलावर वाहिलं आणि सगळ्यांत जास्त त्या खिट्टीवर. उद्या लाज राखणारी तीच होती. छबुबाईनं सगळं पाहिलं आणि तोंडाला पदर लावला.

दसऱ्याला ऊन कलल्यावर गाव शिवेवर जमलं. हलगी वाजत होती. तबकात आप्पाचं पागोटं, दुसऱ्या तबकात आपट्याची पानं आणि हळदीकुंकू. केसरबाई डोक्यावरचा पदर घट्ट करून पुढं आली. शहादेवाला बायकोला आज आणणं भागच होतं, म्हणून चतुराबाईही बायांत उभी होती, मान खाली घालून. केसरबाईनं तिच्याकडं पाहिलंच नाही.

तिनं हात वर केला. एक बार झाला, कावळे उडाले. दुसरा, तिसरा, चौथा. मनगटाला हिसका बसत होता, पण हात हलला नाही. पाचवा बार झाला. लोखंड मागं गेलं, पुढं आलं आणि खटकन मिटलं.

हलगी थांबली. पिस्तूल तिच्या हातात मुकाट पडून होतं, तोंड गच्च मिटून.

"न्हाई घेतला!" शहादेव जवळजवळ नाचलाच. "देवीनं मान न्हाई घेतला! बघा रं समदे! धोंडीरामदादा, आता बोला."

धोंडीरामानं डोळे मिटून हात जोडले. बायांमध्ये कुजबुज सुरू झाली. शहादेव पागोट्याच्या तबकाकडं निघालासुद्धा.

हे कसं झालं? गोळ्या केसरबाईनंच भरल्या होत्या. तिनं डबी बाहेर काढली. रिकामी. पट्टी वर आलेली, कमान चांगली ताठ. मग तिनं पिस्तूल तिरपं धरून खिट्टी पाहिली आणि तिला कळलं. खिट्टी आणि लोखंडाच्या फटीत एक दाणा पाचर मारल्यासारखा बसला होता. कुंकवानं लाल झालेला अक्षतेचा दाणा. खालून पट्टी ढुशी देत असणार, पण खिट्टी उचलायला जागाच नव्हती. तिनंच वाहिलेली अक्षता तिच्याच आड आली होती. करायला गेले काय आणि झालं काय!

तबक धरून शेजारी उभ्या असलेल्या छबुबाईनंही तो पाहिला. म्हातारीची नजर अजून घारीची होती. ती तोंडातल्या तोंडात पुटपुटली, "बाईसाब, पदराआड पुसा ते. म्हना, पुन्हा कौल लावते. एक बार काढा, हुईल समदं बैजवार. कुनाला काय कळतंय?"

खरं होतं. कुणालाच कळलं नसतं. दाणा काढायचा, कमरेच्या पिशवीतली एक जादा गोळी घालायची, लोखंड मागं अडकलं असतं, गाव ओरडलं असतं. पाटीलकी राहिली असती आणि देवीही. दाणा दाखवायचा म्हणजे मात्र कुंकवाला कुणी हात लावला ते सांगावं लागणार. नवरा जाऊन वर्ष झालं नाही आणि बाई कुंकवात बोटं बुडवते! तिचा हात पदराकडं गेलाही होता.

"वहिनी, आता द्या ते हिकडं," शहादेव पुढं येऊन हात पसरून म्हणाला. "झालं तुमचं. रांडमुंड बाईच्या हातचा मान देवी घेत न्हाई, मी आधीपासून सांगत व्हतो."

पदराकडं गेलेला हात तिथंच थांबला. केसरबाईला एकदम वाटलं, आज पदराआड पुसलं तर पुढच्या दसऱ्यालाही पदराआडच पुसावं लागणार. दरवर्षी हे लोखंड आपल्याला पास-नापास करणार, आणि दरवर्षी हा माणूस असाच हात पसरून उभा राहणार. खड्ड्यात गेली असली पाटीलकी!

"छबुबाई, बाभळीचा काटा दे एक."

काटा मिळाला. तिनं गावासमोर, पदर बाजूला सारून, तो दाणा उकरून काढला आणि शहादेवाच्या पसरलेल्या हातावर ठेवला.

"हे काय?" शहादेव गोंधळला.

"अक्षता. ही अडकली म्हणून तोंड उघडलं न्हाई. काल पूजेत वाहिली. मी वाहिली, माझ्या हातानं." आता तिचा आवाज शेवटच्या माणसापर्यंत जात होता. "तुमी तुमची बायको कोंडून घातली, भावजी, म्हणून मी कुंकवात बोट घातलं. ऐका रे समदे, घातलं! माझ्या नवऱ्याचं हत्यार हाय, त्याला मी न्हाई लावायचं तर कुणी लावायचं?"

बायांमधून "अगं बया!" असा आवाज उठला. धोंडीरामानं कानांवर हात ठेवले, पण बोटं जरा फटीफटीनंच ठेवली.

"म्हंजी देवी कोपलीच की!" शहादेवाला नवा धागा सापडला. "इधवेचं कुंकू! म्हणूनच तिनं तोंड मिटलं."

"देवीनं न्हाई, दाण्यानं मिटलं. आन् देवी त्ये उघडतबी न्हाई. आत पत्र्याची पट्टी हाय, ती उघडती. मालकास्नी ठाव व्हतं, मलाबी व्हतं. तुमाला सांगितलं न्हाई, ही आमची चूक. पटत न्हाई? धरा."

तिनं डबीत एक गोळी भरली, डबी बसवली, लोखंड ओढून सोडलं आणि पिस्तूल शहादेवाच्या दुसऱ्या हातात दिलं. गाव चपापलं. शहादेवही. पण एवढ्या लोकांत माघार कशी घ्यायची? त्यानं हात वर केला आणि डोळे गच्च मिटून बार काढला. लोखंड मागं गेलं आणि मागंच अडकलं.

मग तोंडभर हसून शहादेव ओरडला, "उघडलं! माझ्या हातात उघडलं! देवीनं मला मान दिला!" त्याच्या बाजूच्या दोघाचौघांनी "उघडलं!" म्हणून री ओढली. हलगीवाल्यानं काठी उचलली.

"थांब रे," केसरबाई म्हणाली. ती जणू याचीच वाट पाहत होती. पिस्तूल त्याच्या हातातून काढून घेऊन तिनं पुन्हा एक गोळी भरली. "छबुबाई, ये पुढं."

"मी? अगं माझी माय! बाईसाब, मला कावून मारताय?"

"मनगट घट्ट धर. जात्याचा खुंटा धरतीस तसं. वर बघ आन् बोट ओढ."

छबुबाईनं जन्मभर जातं ओढलं होतं, तिचं मनगट शहादेवाच्या दुप्पट. तिनं देवीचं नाव घेतलं, शहादेवाकडं एकदा पाहिलं, नको तितका वेळ पाहिलं, आणि मग हात वर करून बार काढला. धूर विरला तेव्हा पिस्तूल तोंड वासून होतं आणि म्हातारीही.

"घ्या!" केसरबाई म्हणाली. "देवीनं आता छबुबाईला मान दिला. घाला पागोटं तिच्या डोक्यावर. धोंडीरामदादा, घालू का?"

मागून कुणीतरी फिसकन हसलं. मग आणखी एकजण. मग जे हसू लोटलं ते आवरेना. छबुबाई पाटलीण होणार म्हणून पोरं शिट्ट्या मारायला लागली. धोंडीरामाच्या मिशा हलल्या, त्यानं नाइलाजानं फेट्याचा शेव तोंडाला लावला. एकटा शहादेव हसत नव्हता. तो अजून हातातल्या लाल दाण्याकडं पाहत होता.

हसू ओसरल्यावर केसरबाईनं पिस्तूल पागोट्याशेजारी ठेवलं. "देवीला माझ्याशी बोलायचं तर ती बोलंल, तिला लोखंड लागत न्हाई. पाटीलकी माघापासनं मीच केली, उद्यापासनंबी मीच करनार. ज्याला माझ्या हातचं सोनं नगं, त्यानं खुशाल घरी जावं." तिनं तबकातल्या करंड्यात बोट घातलं आणि सगळ्यांदेखत शमीच्या बुंध्याला कुंकू लावलं.

हसू एकदम विझलं. पट्टीचं, कमानीचं हसून पचलं होतं. हे पचणं अवघड होतं. केसरबाई आपट्याची पानं हातात घेऊन उभी राहिली. कुणीच पुढं येईना. पुरुष आपल्या पायांतल्या जोड्यांकडं पाहत होते, बाया पुरुषांकडं. एकटं पडणं म्हणजे काय ते तिला त्या वेळी कळलं, आप्पा गेला तेव्हाही इतकं कळलं नव्हतं. तरी तिनं हात खाली घेतला नाही.

मग बायांच्या घोळक्यातून चतुराबाई निघाली.

"चतुरे!" शहादेव ओरडला.

तिनं मागं पाहिलं नाही. ती केसरबाईपुढं आली, तिच्या हातातलं सोनं घेतलं, डोळ्यांना लावलं. मग डोक्यावरचा पदर जरा मागं सारून कपाळ पुढं केलं.

"जाऊबाई, काल याया पायजे व्हतं मी," ती म्हणाली. "मला कुंकू लावा. तुमच्या हातानं."

पाच बार काढताना केसरबाईचा हात हलला नव्हता. कुंकू मात्र जरा वाकडंच लागलं. चतुराबाईनं ते पुसून सरळ केलं नाही, तशीच बाजूला उभी राहिली.

तिच्या मागोमाग दुसरी आली, मग तिसरी, आणि बायांची रांगच लागली. त्या वर्षी नांदूरघाटात पुरुषांच्या हातात सोनं पडायला बराच उशीर झाला.