दुय्यम प्रत

खेरडेबाईंनी आरशात टाक्यांच्या खुणा मोजल्या. सात. सहा सारख्या अंतरावर, सातवी तिरकी. तिथे भुवईची कड जुळली नव्हती. मधल्या दोन मिलिमीटरमध्ये आता केस येणार नव्हते.

"बाई, आहात का घरात?"

वासुदेव भोंगाडे पपई घेऊन आला होता. शाळेच्या प्रयोगशाळेत तो परिचर. बाई निवृत्त होईपर्यंत एकवीस वर्षं त्यांच्या हाताखाली होता.

"टाके निघाले म्हणे. बरं झालं बावा."

"बस."

खुर्ची सोडून तो पायरीवर बसला. बाईंचं डावं मनगट प्लास्टरमध्ये, म्हणून चाकू-ताट मागून घेऊन त्यानंच पपई चिरायला घेतली.

तीन आठवड्यांपूर्वी, भर दुपारी, वकिलांकडे निघालेल्या बाईंना बसस्टँडमागच्या बोळात कुणीतरी गाठलं. पहिला दांडका मनगटावर बसला. हाड मोडल्याचा आवाज त्यांना स्वच्छ ऐकू आला. दुसरा भुवईवर. तोंडाला रुमाल बांधलेला माणूस पिशवी ओढत होता आणि बाई सोडत नव्हत्या. पिशवीत त्यांच्या सेवापुस्तकाची दुय्यम प्रत होती. शाळेतल्या मूळ प्रतीला वाळवी लागली, असं संस्थेचे अध्यक्ष अण्णासाहेब कोर्टात सांगत होते. त्यांनी केलेल्या नव्या पुस्तकात बाई सहा वर्षं उशिरा रुजू झाल्या होत्या. सुधारित वेतनश्रेणी, पेन्शन, नऊ वर्षांचा खटला, सगळं त्या सहा वर्षांवर अडलं होतं. माणसानं बाईंच्या पोटात लाथ घातली. त्या खाली पडल्या, तरी पिशवीचा बंद मुठीत होता. त्यानं बोटांवर टाच दिली. मग रडवेल्या आवाजात म्हणाला, "बाई, सोडा वो!"

चोर असं बोलत नाही. चोर म्हणतो, सोड म्हातारे.

चेहरा पाहिला का, असं पोलीस जमादारांनी दोनदा विचारलं होतं. बाईंनी दोन्ही वेळा 'नाही' म्हटलं. ते खोटं नव्हतं. वकील म्हणाले होते, मारणाऱ्याचं नाव नसेल तर ही रस्त्यावरची चोरी. नुसत्या तुमच्या शब्दावर कोर्ट सहा वर्षं परत देणार नाही.

"पुस्तक कुठंय, वासुदेव?"

चाकू थांबला. "कोनतं?"

"माझं. 'सोडा वो' म्हणालास ना तू?"

त्यानं पपईतल्या बिया चाकूनं ताटाच्या कडेला सारल्या.

"जाळलं. अण्णासाहेबाच्या समोर. पान पान फाडून."

"काहून रे?"

"माहं पुस्तक त्यायच्याच कपाटात हाय ना बाई! आठ महिने राह्यले मले रिटायर व्हायले. म्हणे, तुह्यं पुस्तकबी वाळवी खाईन." तो उठला. एका हातात चाकू तसाच होता. दुसऱ्या हातानं त्यानं बाईंचं प्लास्टरमधलं मनगट धरलं. "नाव घेऊ नोका. हात जोडून सांगतो." पण हात जोडलेले नव्हते. त्याची पकड आवळत गेली. कळ खांद्यापर्यंत चढली. बाईंनी ओठ दाताखाली धरला, ओरडल्या नाहीत.

चाकू ताटात पडला. मनगट सोडून त्यानं दाराच्या चौकटीवर मूठ हाणली. पुन्हा हाणली. बोटांची पेरं फुटली, चौकटीवर रक्त आलं.

"एकवीस वर्सं बाई बाई केलं. मारतानाबी तोंडातून तेच निघालं. माहे दातच पाडा तुमी!"

"हात वर धर. छातीच्या वर. रक्त थांबेल."

त्यानं धरला.

फाटक वाजलं. जमादार ढोके, काखेत फाइल. "बाई, आज शेवटचं विचारतो. साहेब म्हणतात, कागद बंद करा." त्यांची नजर वासुदेवकडे गेली. "तुले काय झालं बे? शाळेतल्या पोरावानी उत्तर येते काय, हात वर केला तो?"

"दार लागलं, साहेब."

"बरं. तर बाई, चेहरा पाहिला होता का?"

"चेहरा नाही. आवाज ओळखला होता."

जमादारांनी पेनाचं टोपण काढलं. वासुदेवनं हात खाली घेतला नाही. रक्त कोपरापर्यंत ओघळलं होतं.

"लिहा," बाई म्हणाल्या. "वासुदेव तुळशीराम भोंगाडे. हाच. आणि याचं सेवापुस्तक अण्णासाहेबांनी अडवून ठेवलंय, म्हणून यानं मारलं. ते आधी लिहा."