कापसाच्या खोलीतला आवाज

पौषातलं कोवळं ऊन झरोक्यातून कापसाच्या ढिगावर उतरलं, की त्या शुभ्रतेत बसलेली वहिनी मला दिसते: मांडीवर जीर्ण पुस्तक, समोर उशीला टेकवलेला फोन आणि खाजेनं लाल झालेले, तरीही निश्चल हात.

भाव येईपर्यंत कापूस घरातच भरून ठेवायचा, ही आमच्या हिंगणघाटकडची रीत. मधली खोली आढ्यापर्यंत भरे. अंगाला खाज सुटते म्हणून आम्ही कुणी तिकडे फिरकत नसू. वहिनीनं मात्र तिथेच बस्तान मांडलं, कारण कापसात आवाज घुमत नसे. ज्यांच्यावर आता कुणाचाच हक्क उरलेला नाही, अशी विस्मृतीत गेलेली पुस्तकं ती वाचून ध्वनिमुद्रित करी. लोक ती ऐकत आणि तिच्या खात्यात थोडे पैसे येत. आयुष्यातली ती तिची पहिली कमाई. खाजवलं तर तेही ऐकू जाई, म्हणून ती सगळं सोसत संथ, स्निग्ध स्वरात प्रकरण संपवी.

माझा मोठा भाऊ, दादा, तिची थट्टा करी, कापसाले गोष्टी सांगते म्हणे. एका वर्षी भाव चढला, व्यापाऱ्याची गाडी दारात आली, आणि तिच्या पुस्तकाची दोन प्रकरणं उरली होती. खोली रिकामी झाली की ती राहूनच जाणार. वहिनी पुस्तक हातात घेऊन दाराशी उभी राहिली. दादानं तिच्याकडे पाहिलं आणि गाडी परत पाठवली. मी कारण विचारलं, तर म्हणाला, "तिचे दोन धडे राह्यले. ते होऊ दे."

पुस्तक पूर्ण झालं, तोवर भाव उतरला. दादानं त्या नुकसानीचा कधी उच्चारही केला नाही, आणि मला त्याचा फार अभिमान वाटला.

वहिनीला जाऊन दोन वर्षं झाली. तिच्या वाचनाचे पैसे अजून येतात. यंदा भाव येऊन गेला, तरी खोली भरलेलीच आहे. कापूस का विकला नाही, असं विचारल्यावर दादा म्हणाला, "तिले बाहेर ऐकलं तं ते लांब गेल्यावानी वाटते."

मी दारातून पाहते. तो कापसात बसून फोनवर तिला ऐकतो आहे. हात लाल झाले आहेत, पण तो खाजवत नाही. वहिनी गेली; तिचं ते सोसून स्तब्ध राहणं मात्र काळानं त्याच्या हातांत ठेवलं आहे.