तासकाट्याची भाजी

घड्याळवाले काका दुकानात एका मनगटी घड्याळाचं झाकण उघडून बसले होते, तेवढ्यात त्यांच्या उजव्या हातातला चिमटा गळून पडला. तो उचलायला वाकले ते वाकलेलेच राहिले. एकोणीस दिवस इस्पितळात काढून परमेश्वराच्या दयेने घरी आले, पण उजवा हात दुबळा झाला होता आणि वाचा जवळजवळ गेलीच होती. ‘हो’ आणि ‘नको’ हे दोन शब्द तेवढे शिल्लक होते, आणि तेही कधी कधी उलटसुलट बाहेर पडायचे. चहा विचारला की ‘नको’ म्हणायचे आणि कप ओढून घ्यायचे.

काकू मात्र कुरकुरल्या नाहीत. माणूस परत मिळाला, शब्द मागाहून येतील, असं म्हणून सकाळी डोळे उघडल्याबरोबर आधी हात जोडायच्या आणि मग कामाला लागायच्या. एका मोठ्या छापखान्याच्या उपाहारगृहात त्यांनी एकतीस वर्षं मुख्य स्वयंपाकीण म्हणून काढली होती. रोजची दोनशे ताटं. निवृत्त होऊन चार वर्षं झाली तरी त्यांच्या हाताला अजून लहान पातेलं सापडत नसे.

काकांबरोबर त्याच दिवशी दुकानातून आणखी एक जण घरी आला. तो म्हणजे तासकाटा, काकांचं कासव. बावीस वर्षं दुकानाच्या टेबलाखाली राहिलेलं, त्याचं खाणंपिणं काकाच बघायचे. चालताना कधी दिसत नाही, पण थोड्या वेळाने बघावं तर जागा बदललेली, म्हणून काकांनीच त्याचं हे नाव ठेवलं होतं. काका इस्पितळात असताना शेजारच्या चष्मेवाल्याने त्याला काकडीच्या चकत्यांवर जगवलं आणि काका घरी येताच खोक्यात घालून आणून दिलं. वर म्हणाला, काकू, घ्या तुमचा दुसरा रुग्ण.

इस्पितळातून निघताना डॉक्टरांनी काकूंना बाजूला घेऊन सांगितलं होतं की औषधं आम्ही देऊ, पण माणसाचा जीव कशात तरी गुंतला पाहिजे, हात हलवावासा वाटला पाहिजे. काकांचा जीव कशात गुंतलाय हे काकूंना पहिल्याच दिवशी दिसलं. बोलणं शिकवायला येणाऱ्या बाई चित्रांचे पत्ते समोर धरत तेव्हा काका भिंतीकडे बघत. तासकाटा फरशीवरून सरकला की मात्र खुर्चीत पुढे होऊन बसत. हा जगला तर हे बोलतील, असं काकूंच्या मनाने घेतलं.

आणि तासकाटा जेवत नव्हता.

काकूंनी हयगय केली नव्हती. आल्या दिवशीच त्यांनी प्राण्यांच्या डॉक्टरीणबाईंना फोन लावला होता. बाई घाईत होत्या, मागे कुत्रं केकाटत होतं. काही नाही काकू, भाजी घाला, पालेभाजी, रोज, बारीक करून, एवढं सांगून त्यांनी फोन ठेवला.

आता भाजी म्हटल्यावर काकूंना कुणी काय शिकवावं? त्यांनी मुळ्याचा पाला आणला, निवडला, तीन पाण्यांनी धुतला, बारीक चिरला, चमचाभर तेलावर परतला, चिमूटभर मीठ घातलं आणि झाकण ठेवून शिजवला. बिचाऱ्याला दात नाहीत, म्हणून जरा जास्तच मऊ. निववून पसरट बशीत वाढला. तासकाट्याने मान लांब करून वास घेतला, एक घास तोंडात धरला, सोडून दिला आणि मान आत ओढून घेतली.

ताट पुढे ढकलणारी माणसं काकूंनी बघितली होती. ताट बघून अख्खं डोकंच आत घेणारा हा पहिलाच.

दुसऱ्या दिवशी पालक झाला, तिसऱ्या दिवशी माठ. चौथ्या दिवशी काकू बशी ठेवून मागे सरल्या, तोच खुर्चीतून आवाज आला. खरखरीत, ओढून काढलेला.

“क... कच्चं.”

काकूंच्या हातातला चमचा तसाच राहिला. नवा शब्द. ‘हो’ नाही, ‘नको’ नाही, चांगला जोडाक्षराचा शब्द. त्यांनी वर बघून हात जोडले, डोळे भरून आले. आणि मग तो शब्द काय होता ते त्यांच्या ध्यानात आलं.

“कच्चं? माझी भाजी कच्ची?”

काकांनी डाव्या हाताने खुर्चीच्या दांड्यावर थाप मारली. “कच्चं.”

काकूंनी बशी उचलली, भाजी परत गॅसवर चढवली आणि आणखी अर्धा तास शिजवली. पाचव्या दिवशी तर ती इतकी शिजली की पानं कुठली आणि पाणी कुठलं ते ओळखू येईना. काकांनी बशीकडे बघितलं, डोळे मिटले आणि पुन्हा तेच म्हणाले, अगदी थकून. काकूंनी मुद्दाम चाखून बघितली. जिभेवर ठेवली की विरत होती.

लेकीला फोनवर त्या सांगत होत्या आणि हसावं की रडावं तिला कळत नव्हतं. तुझे बाबा सुधारतायत गं, म्हणाल्या, देवाने पहिला शब्द दिला तो माझ्या स्वयंपाकाला नावं ठेवायला दिला. दोनशे माणसं जेवायची, एकाने कधी कच्चं म्हटलं नाही. लेक म्हणाली, आई, भाजीचं जाऊ दे, कासवाला दाखवून आण.

सहाव्या दिवशी काकूंनी तासकाट्याला जुन्या टॉवेलात गुंडाळून टोपलीत ठेवलं, समोरच्या घरातल्या बाईंना काकांजवळ बसवलं आणि दवाखाना गाठला. डॉक्टरीणबाई काकूंच्या लेकीच्याच वयाच्या. त्यांनी तासकाट्याला वजनकाट्यावर ठेवलं, डोळे बघितले, शेपटीकडून तपासलं. वजन उतरलं होतं. काय देताय, असं त्यांनी विचारलं, तेव्हा काकूंनी अगदी निवडण्यापासून सांगितलं. बाई लिहिता लिहिता थांबल्या.

“काकू, मीठ घालता?”

“बेताचंच घालते हो. आजारी जीव आहे.”

“आणि तेल?”

“चमचाभर. नुसतं उकडलेलं कोण खाईल?”

बाईंनी पेन खाली ठेवलं. हसल्या नाहीत, हे काकू पुढे कितीतरी दिवस आठवून सांगत. चूक माझीच आहे, म्हणाल्या, फोनवर मी नुसतं भाजी म्हटलं. मंडईतली ती भाजी आणि ताटातली तीही भाजीच, तुम्हाला कसं कळणार. मग जवळ स्टूल ओढून त्यांनी नीट समजावलं. मीठ, तेल याला बाधतं. काकडी म्हणजे निव्वळ पाणी, पोट भरतं पण अंगी लागत नाही. पालक रोज नको, त्याने कवचाला लागणारा चुना अंगात मुरत नाही. मुळ्याचा पाला चालेल, जास्वंदीची पानं-फुलं चालतील, औषध न मारलेलं गवत तर उत्तमच. कधी भोपळ्याची फोड. वरून अंड्याच्या टरफलाची भुकटी भुरभुरवायची. सकाळी कोमट पाण्यात थोडा वेळ सोडायचा, मग उन्हात ठेवायचा.

“आणि काहीही शिजवायचं नाही. सगळं कच्चं.”

काकू उठत होत्या त्या पुन्हा खाली बसल्या.

“काय म्हणालात?”

“कच्चं द्यायचं, काकू. कच्चं.”

डॉक्टरीणबाई घाबरल्या, त्यांना वाटलं काकूंना भोवळ आली. पाण्याचा पेला पुढे केला. काकूंनी तो तसाच हातात धरला. दोन दिवस माणूस जिवाच्या आकांताने सांगत होता. एकुलता एक शब्द कुठून कुठून खणून आणत होता, आणि त्या तो शब्द परत परत गॅसवर चढवत होत्या. यांना वाचा दे, यांना वाचा दे, म्हणून त्यांनी देवाला केवढं आळवलं होतं. आपल्याला कान दे, हे मागायचं राहूनच गेलं होतं. पण देव असा की न मागितलेलंही कुणाच्या तरी तोंडून देऊन ठेवतो. काकूंनी डॉक्टरीणबाईंचे दोन्ही हात धरले. तुमचं भलं होवो, एवढंच त्यांना म्हणता आलं.

घरी आल्यावर त्या थेट काकांच्या खुर्चीपाशी खाली बसल्या.

“अहो, चुकलं माझं. तुम्ही बरोबर सांगत होता.”

काकांनी त्यांच्याकडे बघितलं. मग तोंडाची डावी बाजू वर गेली, उजवी जागच्या जागी राहिली, आणि खांदे हलायला लागले. काका हसत होते. हसता हसता त्यांना ठसका लागला आणि पाठीवर थापट्या मारता मारता काकूही हसायला लागल्या. समोरच्या बाई दोघांकडे बघून चपला घालून निघून गेल्या, बहुतेक डॉक्टरांना विचारावं या विचाराने.

तासकाट्याने त्या संध्याकाळी कच्च्या पाल्यालाही तोंड लावलं नाही. काकूंना झोप लागली ती नुसती नावाला.

सकाळी त्यांनी त्याला कोमट पाण्यात सोडलं, पुसलं आणि खिडकीतून फरशीवर पडलेल्या उन्हाच्या तुकड्यात काकांच्या पायाशी ठेवलं. धुतलेला पाला ताटलीत घेतला. चिरायला सुरी उचलली, तेवढ्यात काकांनी हात पुढे केला. उजवा. काकूंनी सुरी ठेवून दिली आणि एक पान त्या हातात दिलं. बोटं मिटायला वेळ लागला. डाव्या हाताने धरायचं आणि उजव्याने ओढायचं, असं करत काकांनी पानाचा तुकडा काढला, वाकून कासवापुढे धरला. हात थरथरत होता, त्याबरोबर पानही हलत होतं. हलणाऱ्या पानाकडे तासकाट्याची मान बाहेर आली. एकदा चुकला. दुसऱ्यांदा त्याने पान पकडलं आणि कुरकुर आवाज झाला.

काकांनी दुसरा तुकडा काढला. मग तिसरा. काकू फरशीवर मांडी घालून बसल्या होत्या. हात रिकामे, गॅस बंद, घरात कुणीतरी जेवतंय आणि त्यांना काही काम नाही, असं आयुष्यात पहिल्यांदाच घडत होतं. त्या मनातल्या मनात देवाचं नाव घेत होत्या, प्रत्येक कुरकुरीला एक.

पानं संपत आली तशा त्या सवयीने पुढे सरसावल्या. “अजून देऊ का?”

काकांनी तासकाट्याकडे बघितलं. तो पान तोंडात धरून उन्हात डोळे मिटून बसला होता. काकांचे ओठ हलले, थांबले, पुन्हा हलले. काकूंनी मध्ये एक शब्दही घातला नाही. घाई केली नाही.

“पुरे,” काका म्हणाले.

पंगतीत जेवण झालेला माणूस ताटावर हात आडवा धरून म्हणतो, तसंच. काकूंनी उरलेली दोन पानं ओल्या फडक्यात गुंडाळली आणि उद्यासाठी ठेवून दिली.