मुकीचे शब्द

"आई, आत गेल्यावर मॅडमशी मी बोलेन हं. आणि तू चिंगीच्या कानाशी काही पुटपुटू नकोस."

"मी कुठे पुटपुटते?"

"झोपवताना गुणगुणतेस ना काहीतरी. आधीच पोरीच्या तोंडून शब्द फुटत नाही, त्यात आणखी गोंधळ नको."

आजीनं लेकीकडे बघून मान हलवली. नात तिच्या मांडीवर बसून तिच्या पदराचं टोक चघळत होती. तिसरं वर्ष लागलं तरी चिंगी एक 'आई' सोडून काही बोलत नव्हती. हवं ते बोटानं दाखवायची, नाही मिळालं तर भोकाड पसरायची.

आतली खोली लहान होती. बुटकं टेबल, भिंतीला आरसा, टोपलीत लाकडी प्राणी. मुलांना बोलतं करणाऱ्या त्या मॅडम सतरंजीवर फतकल मारून बसल्या होत्या. त्यांनी चिंगीच्या पाठीमागे खुळखुळा वाजवून पाहिला, 'घोडा दे' म्हणून पाहिलं. चिंगीनं घोडाच दिला.

"कान छान आहेत, समजतंही सगळं. घरात भाषा कोणत्या?"

"एकच," लेक म्हणाली. "आईची माहेरची भाषा वेगळी आहे, पण ती कधीच बोलत नाही. मीपण उशिरा बोलले होते ना. तेव्हा बालवाडीच्या बाईंनी तिला बजावलं होतं, घरात दोन भाषा ठेवाल तर एक ना धड भाराभर चिंध्या. तेव्हापासून आईनं जे पाळलंय ते आजतागायत."

लेक हे कौतुकानं सांगत होती. एखाद्याच्या आईनं कडक व्रत केलं असावं, तसं.

मॅडमनी घोडा खाली ठेवला. "अजून हे डोक्यातून जात नाही लोकांच्या. अहो, एकच भाषा असलेल्या घरातली मुलंही उशिरा बोलतात. दोन भाषांनी मूल बावचळत नाही. आजी, तुम्ही खुशाल बोला हिच्याशी तुमच्या भाषेत. गोष्टी सांगा, लाड करा, रागवा. जेवढं बोलाल तेवढं चांगलं."

आजी त्या लाकडी घोड्याकडे बघत होती.

"कधीपासून?" तिनं विचारलं.

"काय कधीपासून?"

"असं नसतं, हे कधीपासून?"

"कधीच नव्हतं, आजी," मॅडम हळूच म्हणाल्या.

लग्न होऊन आजी या गावात आली तेव्हा तिला इथलं एक अक्षर येत नव्हतं. हळूहळू बाजारापुरतं, चुलीपुरतं आलं. पण मूल मांडीवर आलं तेव्हा तिच्या तोंडून जे वाहू लागलं ते माहेरचंच होतं. ते आपण बोलतोय हेसुद्धा तिला कळत नसे. मग बाईंनी तंबी दिली. सासूनंही दुजोरा दिला, "तुझ्या किलबिलीनं पोर मुकं राहील हो." मुलाच्या वाईटावर कोणती आई असते? तिनं तोंड मिटलं.

इथल्या भाषेत लाड कसे करतात ते तिला ठाऊक नव्हतं. जेव. नीज. पडशील. एवढंच ती लेकीला म्हणू शकायची. मोठं वाक्य करायला गेलं की चुकायचं, आणि जरा मोठी झाल्यावर लेकच खुदकन हसायची. मग तेही थांबलं. लेक वडिलांजवळ बसून शाळेतल्या गमती सांगायची. ही दारात उभी राहून ऐकायची.

शर्ट शिवण्याच्या कारखान्यात तिला काजं करायचं काम मिळालं. तिथे तिचं नाव पडलं मुकी. "मुके, झाली का गं काजं?" शेजारची बाई ओरडायची. मास्तर म्हणायचा, "बाकीच्यांचा दोरा बोलण्यात तुटतो, हिचा बघा." सगळ्या हसायच्या, तीही हसायची. त्या चेष्टेत दुष्टावा नव्हता. आणि तिच्या मनात एक आधार होता, की आपल्याजवळ एक पेटी आहे, कुलूप लावून ठेवलेली. आज ना उद्या उघडू. मातृभाषा का कुणी विसरतं?

दुसऱ्या दिवशी लेक आणि जावई कामावर गेल्यावर तिनं चिंगीला न्हाऊ घातलं, केस पुसले, समोर बसवलं. स्वतःचे केसही नीट बांधले.

तिनं तोंड उघडलं. काहीच आलं नाही.

तिला वाटलं, लाजतेय आपली जीभ. तिनं चमचा उचलला. याला काय म्हणायची आपली आई? आईचा चेहरा दिसला, ओठ हललेले दिसले, आणि ऐकू आलं 'चमचा'. पाणी? पाणी. चंद्र? चंद्र. जे आठवावं ते इथल्याच भाषेत हात जोडून उभं. ती भाषा बोलणारी थोरली बहीण जाऊनही बराच काळ लोटला होता. तिच्याशी फोनवर बोलतानाही शेवटी शेवटी दोघी नुसत्या 'हं, हं' करायच्या.

मग तिला वाटलं, देवाशी तर आपण रोज आपल्याच भाषेत बोलतो. तिनं डोळे मिटले, रोजची प्रार्थना मनात म्हणायला लागली आणि मध्येच थांबली. तीही इथलीच होती. कधी बदलली, कुणी बदलली, देवानंही कसं सांगितलं नाही. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

चिंगीनं तिच्या गुडघ्यावर चापट मारली. तिला खेळ हवा होता.

आजीनं चमचा पुन्हा उचलला. "किलू," ती म्हणाली. कुठून आलं कोण जाणे. तिच्या भाषेतलं नव्हतं, एवढं नक्की. कुठल्याच भाषेतलं नव्हतं. पण चाल माहेरची होती, तो शेवटचा हेलकावा आईचा होता. चिंगी टक लावून बघायला लागली. आजीनं तिच्या नाकाला बोट लावलं. "आमें." कानाला लावलं. आणखी काहीतरी म्हणाली. एकदा बांध फुटल्यावर ती बोलतच सुटली, अर्थ नसलेलं, लांबलचक, लाडाचं. कुणी हसलं नाही. दुपारभर दोघी तेच करत राहिल्या, आणि पुढच्या दुपारीही.

आठवड्याच्या आतच एका संध्याकाळी जेवताना चिंगीनं हात पुढे केला. "किलू."

लेकीच्या हातातला घास तसाच राहिला. "काय म्हणाली? आई, काय म्हणाली ही?"

"चमचा मागतेय," आजी म्हणाली.

लेकीनं चिंगीला उचलून गरगर फिरवलं. जावयानं ऑफिसातल्या मित्राला फोन करून सांगितलं, "अरे, आमच्या सासूबाईंच्या भाषेत बोलली!" आजी खरकटी ताटं घेऊन आत गेली.

लेक मागोमाग आली. दाराशी उभी राहिली.

"आई, मलाही शिकव ना."

आजी नळाखाली ताट धरून उभी होती. खोटं किती वाढवायचं? तिनं नळ बंद केला. "मला येत नाही गं. मी विसरले सगळं."

"काहीतरीच. मातृभाषा कुणी विसरतं का?"

"विसरतं. चिंगीशी बोलते ते मनानंच रचलेलं आहे."

लेक आधी हसली. मग तिचा चेहरा उतरला. "नसेल सांगायचं तर नको सांगू. पण असं नको म्हणूस. लहानपणी मला वाटायचं, तुला मी आवडत नाही म्हणून तू बोलत नाहीस. नातीला देतेस, मग माझ्या वेळचं कुठे ठेवलंस?"

आजीनं तिच्याकडे पाहिलं. कानाजवळ केस पिकायला लागले होते पोरीचे. खरं ते सांगून झालं होतं. ते इथे कुणाच्या उपयोगाचं नव्हतं.

तिनं पदराला हात पुसले, लेकीचा तळवा आपल्या हातात घेतला आणि त्यावरून बोट फिरवलं.

"ओरली," ती म्हणाली.

"म्हणजे हात?"

"हं."

"ओरली," लेक म्हणाली. शाळेत पाढे म्हणायची तशी, ताठ उभी राहून. "बरोबर?"

"शेवटी जरा लांबव," आई म्हणाली.