संबंध उरला नसल्याचे निवेदन

बुधवारी सकाळी मुअल्ला हानुम, म्हणजे मुअल्लाबाई, द्राक्षाच्या पानांत भात भरत बसली होती आणि समोरच्या टेबलाशी तिचा नवरा, मुलगा आपला नाही असं लिहीत होता.

वेहबी मास्तरांचं अक्षर मोत्यासारखं. सगळा जन्म शाळेत गेलेला. गल्लीतल्या निम्म्या माणसांना त्यांनी लिहा-वाचायला शिकवलेलं. आज मात्र चार ओळींसाठी त्यांनी तीन कागद फाडले होते.

"झालं का लिहून?" मुअल्लाने मान वर न करता विचारलं.

"होतंय."

"पोराचं नाव ठेवायला एवढा वेळ लागला नव्हता तुम्हाला."

मास्तरांनी चौथा कागद पुढे ओढला.

मुलगा नाकारल्याची जाहिरात ही इस्तंबूलला काही नवी गोष्ट नव्हती. दारुड्या मुलाला, पळून गेलेल्या मुलीला बाप वर्तमानपत्रात चार ओळी छापून झटकून टाकीत. लष्कराने सत्ता घेतली आणि त्या जुन्या रीतीला नवं काम मिळालं. ज्याच्या मागे पोलीस लागले त्याचा बाप लगबगीने वर्तमानपत्राच्या कचेरीत जाऊ लागला. 'माझा मुलगा अमुक याच्याशी माझा कोणताही संबंध उरलेला नाही.' खाली नाव, सही. कायद्याच्या लेखी या ओळींना कवडीची किंमत नव्हती. पण साहेब वाचतो, शेजारी वाचतात, आणि घरातल्या बाकीच्यांची नोकरी टिकते. लाज वाटावी अशी गोष्ट इतक्या सभ्य घरांनी केली, की शेवटी न करणाऱ्यालाच लोक विचारू लागले, तुमची अजून आली नाही?

त्यांच्या मुलाचा, रुशेनचा, गुन्हा एका वाक्याचा होता. तो सरकारी रेडिओवर जॅझचा कार्यक्रम करायचा. स्वतः पियानो वाजवायचा, चाली बांधायचा. मुअल्लाला ते संगीत मांडणीवरून भांडी कोसळल्यासारखं वाटे, पण तो बोलायला लागला की ती हातातलं काम टाकून ऐकत बसे. डिसेंबरातल्या एका कार्यक्रमात स्वतःची नवी चाल लावण्याआधी तो म्हणाला, "ही चाल तुरुंगाच्या दाराशी उभ्या असलेल्या आयांसाठी." पुढच्या आठवड्यात त्या वेळेला लष्करी बँड लागला. त्याच्या पुढच्या आठवड्यात पोलीस घरी येऊन पियानोच्या आतसुद्धा बघून गेले. तेव्हापासून रुशेन मित्रांकडे लपत होता.

"नेर्मिनचा तरी विचार कर," मास्तर म्हणाले. नेर्मिन त्यांची मुलगी. "हालदुनला त्याच्या साहेबाने तोंडावर सांगितलंय, मेहुण्याशी संबंध आहे की नाही ते छापून येऊ दे. जावयाची नोकरी गेली तर ती लेकीला घेऊन इथेच येणार ना?"

"येऊ दे. मूठभर भात जास्त टाकीन."

एवढ्यात दार वाजलं. दारात डोक्यावर कामगाराची टोपी, अंगात कुणाचा तरी जुना कोट, मिशा काढलेला असा एक माणूस उभा होता. ओळखायला मुअल्लाला क्षणभर लागलं, आणि त्या क्षणाचंच तिला जास्त रडू आलं.

"आई, रडायला वेळ नाही," रुशेनने तिला आत घेत म्हटलं. "जर्मनीला कामगारांना घेऊन जाणारी बस दुपारी सुटते. एका मित्राचा पासपोर्ट मिळालाय. संध्याकाळी सरहद्द ओलांडली की झालं. फक्त आज दुपारपर्यंत कुणाला वास लागता कामा नये."

टेबलावरचा कागद झाकायचं मास्तरांना सुचलं तोवर रुशेनने तो वाचला होता.

"छापा, बाबा," तो म्हणाला. "नेर्मिनची चिंता मलाही आहे. आणि तिकडे मला कोण हे वर्तमानपत्र देणार आहे?"

तो हसला. मास्तरांना हसता आलं नाही. रुशेनने वाकून त्यांच्या हाताचं चुंबन घेतलं आणि रीतीप्रमाणे तो हात कपाळाला लावला. बोटांची शाई अजून ओली होती.

"भाजी आणायला निघाल्यासारखा निघतो," तो आईला म्हणाला. "दारात येऊ नका. खिडकीत येऊ नका."

जाळीची रिकामी पिशवी हातात घेऊन तो जिना उतरला.

मुअल्ला खोलीच्या मधोमध उभी राहिली. पुढचं तिच्या हातांनी केलं, तिने नाही. जाणाऱ्याच्या मागे पाणी ओतायचं, म्हणजे तो पाण्यासारखा सुखरूप वाहत जातो आणि पाण्यासारखाच परत येतो. पलटणीत जाणाऱ्या दिरामागे तिने ओतलं होतं, हजला गेलेल्या सासऱ्यांमागे ओतलं होतं, सासरी निघालेल्या नेर्मिनमागे ओतलं होतं. तिने स्वयंपाकघरातला पाण्याचा तांब्या उचलला, खिडकी उघडली आणि पाठमोऱ्या मुलामागे तो गल्लीत रिकामा केला.

खाली दगडांवर पाणी आपटलं तेव्हा ती भानावर आली. भाजी आणायला गेलेल्या माणसामागे कुणी पाणी ओतत नाही.

तळमजल्यावरची शाजिये हानुम पायरीवर सतरंजी झटकत होती. तिने ओल्या दगडांकडे पाहिलं, वर खिडकीकडे पाहिलं, मग वळणावर दिसेनाशा होणाऱ्या जुन्या कोटाकडे पाहिलं. सतरंजी तिच्या हातात तशीच राहिली.

"काय करून बसलीस तू," मास्तर कसेबसे म्हणाले.

शाजियेचा पुतण्या शेनेर पोलिसात होता. रोज दुपारी जीप गल्लीच्या तोंडाशी लावून तो काकूकडे जेवायला यायचा, आणि जेवताना काकू त्याला गल्लीची खबरबात वाढायची. मागच्या महिन्यात कोपऱ्यावरच्या शिंप्याचा भाऊ असाच जेवणानंतर उचलला गेला होता. आता जेवणाची वेळ होत आली होती.

शाजिये आपल्या पायांनीच वर आली.

"पाणी सांडलं वाटतं, मुअल्ला हानुम."

"हो ना, हात कापतात आताशा. या, बसा. कॉफी टाकते."

"चण्याची असेल तर नको बाई. पोटात वारा धरतो."

"खरी आहे."

शाजिये बसली. खरी कॉफी बाजारातून गेल्याला दोन वर्षं होत आली होती. लोक भाजलेल्या चण्यांच्या पिठावर दिवस काढत होते. मुअल्लाने ईदसाठी डब्याच्या तळाशी जपून ठेवलेली सगळी कॉफी काढली आणि मंद आचेवर, जितकी सावकाश करता येईल तितकी सावकाश केली. तीन कप झाले. मास्तरांचा आतल्या खोलीत नेऊन ठेवला.

"आता माझं भविष्य बघा," कॉफी पिऊन झाल्यावर मुअल्लाने कप बशीवर उपडा केला. "तुमच्यासारखं बघणारं गल्लीत दुसरं कोण आहे?"

"आज बरी आठवण झाली," शाजिये म्हणाली, पण खूश झाली. कपात चोथ्याने उठलेल्या आकृत्यांवरून भविष्य सांगायचं, पण कप गार होईपर्यंत उचलायचा नसतो. दोघी त्या उपड्या कपाकडे बघत बसल्या. कोळशाचे भाव झाले, नेर्मिनच्या लेकीचे, इपेकचे, दात झाले. शाजियेने रुशेनचं नाव काढलं नाही, आणि ती काढत नाही याचीच मुअल्लाला धास्ती वाटत होती. शेवटी कप उचलला गेला. त्यात एक मासा निघाला, एक डोंगर, आणि कुणीतरी दृष्ट लावणारी बाई.

गल्लीच्या तोंडाशी जीप थांबली. खाली तळमजल्याच्या दाराशी बूट वाजले. "काकू," शेनेरने दार ठोठावलं. "काकू, भूक लागलीये."

शाजियेने कप खाली ठेवला आणि उठायला खुर्चीच्या हाताला हात घातला.

आतल्या खोलीचं दार उघडलं. मास्तर बाहेर आले. कपाच्या भविष्याची या माणसाने जन्मभर टिंगल केली होती; एकदा शाजियेला तोंडावर 'कॉफीच्या चोथ्यातली विदुषी' म्हणाले होते आणि त्यावरून वर्षभर अबोला होता. त्यांनी आपला कप बशीवर उपडा केला आणि तिच्यासमोर ठेवला.

"माझंही बघा."

शाजिये त्यांच्याकडे बघत राहिली. "तुमचं, मास्तर?"

"माझं."

"गार व्हायला वेळ लागेल."

"लागू दे."

"खाली पोरगं उपाशी आहे."

"शेनेर माझ्या वर्गात होता. थोडं थांबल्याने तो मरत नाही." मास्तरांनी कप आणखी पुढे सरकवला. "बसा, शाजिये हानुम. मी विनंती करतो."

दार पुन्हा ठोठावलं गेलं. शाजिये खिडकीकडे बघत होती. मग ती खाली बसली आणि हात मांडीवर ठेवले. शेनेरने आणखी एकदा हाक मारली, काहीतरी पुटपुटला, आणि जीप सुरू झाल्याचा, मग दूर गेल्याचा आवाज आला.

शाजियेने मास्तरांचा कप उचलून उजेडाकडे धरला.

"रस्ता आहे. लांबचा. जाणारा मोकळा आहे." ती थांबली. "परतीचा मला दिसत नाही. खोटं ऐकायचं असेल तर सांगते."

"नको," मास्तर म्हणाले.

मुअल्लाने डोक्यावरच्या ओढणीने तोंड झाकलं आणि हमसून हमसून रडली. शाजियेने तिला रडू दिलं. उठून दाराशी गेल्यावर म्हणाली, "खिडकीतून एकाच जागी पाणी ओतलं की साऱ्या गल्लीला कळतं. मी आता पायऱ्या आणि पुढचे दगड सगळेच धुऊन टाकते." आणि खाली जाऊन तिने खरोखरच धुतले.

अंधार पडायच्या आधी हालदुन आणि नेर्मिन आले. इपेक शेगडीजवळ बाहुलीशी खेळत बसली. हालदुनने टोपीसुद्धा काढली नाही.

"उद्याच्या अंकात जाहिरात यायला हवी असेल तर आत्ताच नेऊन द्यायला हवी, बाबा. झाली ना लिहून?"

"झाली होती." मास्तरांनी टेबलावरचा कागद उचलून शेगडीत टाकला. मग कोरा कागद पुढे ओढला. "आता दुसरी लिहू, तुझ्या सहीची. तू सांग, मी लिहितो. 'माझी मुलगी इपेक हिच्याशी माझा कोणताही संबंध उरलेला नाही.' तारीख तेवढी मोकळी ठेवू. पुढे घाईत शब्द सुचत नाहीत, मला आज अनुभव आला."

"हे काय बोलताय?" हालदुनचा चेहरा उतरला. "तिने काय केलंय?"

"रुशेनने काय केलं होतं? एक वाक्य बोलला. हिला अजून वाक्यं बोलायची आहेत, एवढाच फरक."

"माझी नोकरी जाईल, बाबा."

"जाईल कदाचित. ते मी नाकारत नाही. पण तुझ्या नोकरीसाठी मी पोर विकणार नाही, आणि तूही विकायला शिकू नयेस."

हालदुन रागाने जिना उतरून गेला. नेर्मिन गेली नाही. तिने विचारलं, "आई, तो पोचला असेल का?" एवढ्या आठवड्यांत भावाबद्दल तिने पहिल्यांदा काही विचारलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी वर्तमानपत्र आलं. मास्तरांनी आधी जाहिरातींचं ते पान उघडलं. पाच मुलगे आणि एक मुलगी नाकारलेली होती. प्रत्येक नाव त्यांनी मोठ्याने वाचलं, आणि वाचून झाल्यावर कोट अंगात घातला.

"कुठे निघालात?" मुअल्लाने विचारलं.

"यातला एक बाप मागच्या गल्लीत राहतो. माझा विद्यार्थी होता. त्याला भेटून येतो."

"काय सांगणार त्याला?"

मास्तर बुटांच्या नाड्या बांधत होते. त्यांनी वर पाहिलं नाही.

"मीही लिहिली होती, एवढंच सांगणार."